पाच तारखेची गाडी

नांद्यात मी साडेचार वर्षं भाड्यानं राहिले. एवढ्या काळात सकाळी मी कामावर निघाले आणि गल्लीला ते कळलं नाही, असे फक्त अकरा दिवस. बाकी रोज मी गाडीला किल्ली लावायच्या आत ओट्यावरच्या खुर्चीतून आवाज यायचा, "प्रवाशांनी कृपया लक्ष द्यावे. फलाट क्रमांक तीनवरून सुटणारी नांदे-हिंजवडी ही गाडी सुटण्यास सज्ज आहे. प्रवाशांनी आपापल्या सामानाची काळजी घ्यावी."

प्रवासी मी एकटी. सामान म्हणजे लॅपटॉपची बॅग आणि डबा. आणि फलाट म्हणजे मी राहत होते ती तीन नंबरची खोली.

आमचे घरमालक बसस्टँडवर वाहतूक नियंत्रक होते. चौतीस वर्षं त्यांनी काचेच्या खिडकीमागं बसून, माइक तोंडाशी धरून लाल गाड्या सोडल्या. निवृत्त झाल्यावर माइक गेला, पण आवाज घरी आला. अख्खं गाव त्यांना कंट्रोलर म्हणायचं. मी काका म्हणायचे. ते मला नावानं कधीच हाक मारत नसत. खोली भाड्यानं घेताना मी नाव सांगितलं होतं, त्यांनी ऐकूनही घेतलं होतं आणि लगेच म्हणाले होते, "बरं, तीन नंबर. गाडी लावताना तोंड रस्त्याकडं करून लावायची. सकाळच्या गर्दीत मागं घ्यायची भानगड नको." एवढी एकच अट. डिपॉझिट किती, पाणी किती वाजता येतं, हे सगळं काकूंनी आतून सांगितलं.

काकांना दोन मराठ्या येत. एक घोषणेची, जिच्यात "कृपया" आणि "सदर" असे शब्द असत, आणि दुसरी घरची. एकाच दमात ते एकीतून दुसरीत जात. एकदा मी डबा विसरून निघाले होते. "प्रवाशांनी आपापल्या सामानाची काळजी घ्यावी" इथपर्यंत आले आणि त्याच सुरात पुढं म्हणाले, "डबा कुटाय तुमचा? न्हाई दिसत. जावा, आना आदी. गाडी थांबलीय."

आमच्या भागात तेव्हा रोज एखादी नवी सोसायटी उभी राहत होती. काकांच्याही जमिनीचा पलीकडचा तुकडा विकला गेला होता आणि त्यावर अकरा मजले चढले होते. सोसायट्यांची नावं सगळी इंग्रजी, एकासारखी एक. सामान पोचवायला येणारी पोरं फोनवरचा नकाशा बघून चक्रावून जात आणि शेवटी ओट्यासमोर येऊन उभी राहत. काका कधीच "उजवीकडे वळ, मग डावीकडे" असं सांगत नसत. ते थांबे सांगत. "आपला ओटा, मंग विहीर, मंग बंद पडल्याली पिठाची गिरन, मंग तुजा टावर. चार थांबं. मदी कुटं उतरू नगंस." पोरं हसायची, पण बरोबर पोचायची. दुसऱ्या खेपेला नकाशा न काढताच थेट त्यांच्याकडं यायची.

आणि एवढं सगळं करणाऱ्या या माणसाला स्वतःला गाडी येत नव्हती. मोटार नाही, मोटारसायकल नाही, सायकलसुद्धा धड नाही. मी एकदा विचारलं, तर म्हणाले, "सगळेच चालवाया लागल्याव सोडनार कोन?"

काकू बुटक्या, चपळ आणि कमी बोलणाऱ्या होत्या. कमी बोलत म्हणण्यापेक्षा त्यांची पाळी यायचीच नाही. सकाळी गाईचं बघायचं, मग चार खोल्यांसमोरचं अंगण झाडायचं, मग स्वयंपाक. काका दीडला जेवून झोपत ते बरोबर तीनला उठत. त्या वेळात घर शांत असे. सुट्टीच्या दिवशी मी खोलीत असले की खिडकीतून दिसायचं, काकू चार्जिंगला लावलेल्या काकांच्या फोनपाशी, वायर पुरेल तेवढ्याच अंतरावर, पाटावर बसलेल्या असत. मला वाटायचं, मालिका बघत असतील.

तो फोन त्या घरात एकच होता. त्यात पैसे भरायची सोय मीच करून दिली होती. लाइटबिलाच्या रांगेत उभं राहून काकांचे पाय सुजायचे, म्हणून एका रविवारी बसून मी त्यांना सगळं शिकवलं. ते पटकन शिकले. एकच घोळ होता. पिन टाकताना ते प्रत्येक आकडा मोठ्यानं म्हणायचे. घोषणेच्या आवाजात, आकड्या-आकड्यात थांबून. दूधवाल्याला पैसे दिले की चारही खोल्यांना कळायचं.

"काका, हा आकडा मनात म्हणायचा असतो."

"मनात म्हनलेला इसरतो मानूस. मोट्यानं म्हनलेला न्हाई इसरत."

"अहो, पण लोकांना ऐकू जातो."

"लोकं काय करनार हायेत? आपलीच हायेत."

हे "आपलीच हायेत" पुढं मला फार आठवलं.

दर तीन-चार महिन्यांनी, महिन्याच्या अखेरीला, काका पिरंगुटच्या बँकेत जाऊन पासबुक छापून आणत. फोनवर सगळं दिसतं असं सांगूनही उपयोग नव्हता. छापलेलं तेच खरं. असंच एकदा ते पासबुक घेऊन थेट माझ्या दारात आले. मी नुकतीच कामावरून आले होते, चपलाही काढल्या नव्हत्या.

"तीन नंबर, ह्ये काय हाय बघा."

पाच तारखेला चारशे एकोणपन्नास रुपये गेले होते. मागच्या महिन्याच्या पाच तारखेलाही. त्याच्या मागच्याही. समोर इंग्रजी अक्षरांची गर्दी होती, त्यातलं अर्धं नाव कुठल्याशा गेमच्या कंपनीचं.

"काका, हे गेमचे पैसे आहेत. एकदा हो म्हटलं की दर महिन्याला आपोआप कापतात."

"आपोआप? मला न इचारता?"

"पहिल्यांदा विचारतात. नंतर नाही."

"मला न्हाई इचारलं कुनी."

"तुमच्या फोनवरून कुणीतरी हो म्हटलेलं असणार. पिन टाकल्याशिवाय होतच नाही हे."

मी अगदी सहज बोलून गेले. आणि बोलता बोलताच मला दिसलं की काका माझ्याकडं बघतायत. पिन सगळ्यांनाच माहीत होता, पण त्यांचा फोन हातात घेऊन बसणारी, त्यात काय काय दाबणारी मी एकटीच. एक नंबरातली दोन मुलं तासन्‌तास गेम खेळायची, पण त्यांनी काकांच्या फोनला कधी हात लावला नव्हता.

"द्या बरं फोन, मी बघते," मी हात पुढं केला.

काकांनी फोन सदऱ्याच्या खिशात ठेवला. वरून हात ठेवला. "राहू द्या," म्हणाले. ते मला पहिल्यांदाच "राहू द्या" म्हणाले होते, आणि पहिल्यांदाच "तीन नंबर" न म्हणता गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी गाडीत बसले. काका खुर्चीत होते. हातातल्या घड्याळाकडं बघत होते. मी किल्ली लावली, थोडं थांबले. काही आवाज आला नाही. गाडी निघाली आणि कोपऱ्यावरची भाजीवाली माझ्याकडं अशी बघत राहिली, की काहीतरी घडलंय हे तिलाही कळलं असावं.

रोजच्या त्या घोषणेला मी वैतागायचे, हे खरं सांगायला हवं. सुरुवातीला तर लाज वाटायची. पण ती बंद झाल्यावर मला सकाळी घराबाहेर पडणं जड व्हायला लागलं. काका भांडले असते तर मीही भांडले असते. ते एक शब्द बोलत नव्हते. समोर आले की मान खाली घालून वाट देत. मला उगाच आठवत राहायचं, आपण त्यांच्या फोनवर काय काय दाबलं होतं? आपल्याकडूनच तर चुकून काही झालं नसेल? केलेलं नसतानाही मला ते केल्यासारखं वाटायला लागलं होतं.

चार-पाच दिवसांनी काकांनी बँकेत अर्ज दिला. त्याची प्रत त्यांनी ओट्यावरच्या भिंतीला चिकटवली. स्टँडवर सूचना लावतात तशी, डोळ्यांच्या उंचीवर. अक्षर सुंदर होतं. मी येता-जाता तो इतक्यांदा वाचला की अजून पाठ आहे.

"माझ्या घरातील कोणतीही व्यक्ती गेम खेळत नाही, पूर्वी खेळलेली नाही व पुढे खेळण्याची शक्यता नाही. भाडेकरूंबाबत खात्रीने सांगता येत नाही. सबब सदर कपात तात्काळ बंद करावी."

ते दुसरं वाक्य वाचलं त्या संध्याकाळी मी शेजारच्या लवळ्याला एक खोली बघून आले. खोली बरी होती. मालकीणबाई गोड बोलत होत्या. त्यांनी मला नाव विचारलं आणि लगेच त्या नावानं हाकही मारली. मी एक तारखेपासून येते म्हणून सांगितलं.

बँकेनं कपात बंद केली. पाच तारीख आली आणि पैसे न जाताच गेली. काकांनी तेवढंच एक वाक्य ओट्यावरून सगळ्यांना ऐकवलं, "सदर गाडी रद्द झालेली आहे." माझ्याकडं न बघता.

त्यानंतरच्या रविवारी दुपारी, दोनच्या सुमाराला, माझ्या दारावर टकटक झाली. काकू होत्या. पदराखाली काहीतरी धरलं होतं.

"झोपला न्हाई न्हवं?"

"नाही काकू, या ना."

त्या आत आल्या, दार लोटून घेतलं आणि पदराखालून काकांचा फोन काढला. "जरा बघता का? माजी गाडी अडाकलीया."

"कुठली गाडी?"

त्यांनी फोन माझ्या हातात दिला. पडद्यावर एक निळी बस उभी होती. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना बर्फाचे डोंगर. आणि बसच्या तोंडावरच इंग्रजी मजकुराचा एक मोठा चौकोन. पैसे जमा झाले नाहीत, सभासदत्व संपलं, पुढं जायचं असेल तर पुन्हा पैसे भरा.

"परवापास्नं ह्ये मदी आलंय. किती दाबलं तरी हलत न्हाई. फुडं घाट हाय. मला ठावं हाय त्यो, तीन डाव गेलीया मी तितनं."

मी फोनकडं बघितलं, काकूंकडं बघितलं. "काकू, तुम्ही गेम खेळता?"

"खेळत न्हाई," काकू म्हणाल्या. "चालवते."

मग हळूहळू सगळं बाहेर आलं. दिवाळीच्या आसपास त्या फोनवर करंज्या बघत होत्या, तेव्हा मधेच जाहिरात आली. बस चालवायची. त्यांनी बोट लावलं आणि बस चालू झाली. गावातला एक छोटा रस्ता फुकट होता. तोच तोच रस्ता त्यांनी महिनाभर चालवला. थांब्यावर थांबायचं, माणसं चढवायची, सिग्नल पाळायचा. मग एक दिवस पडद्यावर डोंगराचं चित्र आलं आणि खाली एक हिरवं बटण. पहिले सात दिवस फुकट, असं वर लिहिलं असणार. पण काकूंना इंग्रजी येत नव्हतं.

"हिरवं दिसलं म्हून दाबलं. हिरवं म्हंजी जायाचं, न्हवं?"

"आणि मग पिन मागितला असेल."

"चार आकडं मागितलं. ह्ये रोज वरडत्यात त्येच टाकलं."

मी त्यांना चौकोनात काय लिहिलंय ते सांगितलं. महिन्याला चारशे एकोणपन्नास रुपये. पाच तारखेला. काकू ऐकत राहिल्या. एकदा त्यांनी खिडकीतून ओट्याकडं बघितलं. तिथल्या भिंतीवर काकांचा अर्ज लावलेला होता. त्यांना थोडं वाचता यायचं, त्यांनीही तो वाचला असणार.

"म्हंजी ती पाच तारकंची… ती मीच."

"तुम्हाला माहीत नव्हतं काकू. मुद्दामच कळणार नाही असं करतात ते."

"आन् ह्येनी तुमच्यासंगं बोलनं टाकलं, त्ये ह्याच्याचपायी."

"जाऊ द्या आता. त्यांना काही सांगू नका. मी सांगते, माझ्याकडून चुकून दाबलं गेलं होतं म्हणून. तसंही मी एक तारखेला जातेय."

"कुटं?"

"लवळ्याला. खोली बघितलीय."

काकू उठल्या. माझ्या हातातून फोन घेतला. यावेळी पदराखाली घेतला नाही. अंगण ओलांडून सरळ घरात गेल्या. दोन वाजून वीस मिनिटं झाली होती. काकांना तीनच्या आधी कुणी उठवल्याचं मी कधी बघितलं नव्हतं.

मी त्यांच्या मागं धावले, पण उंबऱ्यापाशीच थांबले. काका कॉटवर उठून बसले होते. डोक्याचे उरलेले केस उभे राहिले होते. काकू समोर उभ्या राहून सांगत होत्या, एका दमात, न थांबता. त्यांना एवढं बोलताना मी पहिल्यांदाच ऐकत होते. त्या बोलायच्या थांबल्यावर काकांनी चष्मा मागितला. चष्मा लावला.

"दाव."

काकूंनी फोन त्यांच्यापुढं धरला. काकांनी मान पुढं काढून ती निळी बस बघितली. आता ते काय म्हणतील याची मला धास्ती होती. चौतीस वर्षं हिशेबानं गाड्या सोडलेला माणूस. वर भिंतीवर लेखी दिलेलं.

"कुटं कुटं गेलीस?" त्यांनी विचारलं.

काकूंना वाटलं, आपण चुकीचं ऐकलं. "आँ?"

"गाडी घिऊन. कुटं कुटं गेलीस?"

"ह्या बर्फात गेले. एक वाळूचा मुलूक हाय, तितं उंट आडवं येत्यात. आन् एक समुद्राच्या कडंचा रस्ता हाय, लई लांब हाय. त्योच मला आवाडतो."

"एकटीच?"

"गाडीत मान्सं असत्यात की," काकू म्हणाल्या. "बोलत न्हाईत, पन असत्यात."

काकांनी चष्मा काढला, सदऱ्याच्या टोकाला पुसला, पुन्हा लावला नाही. "रोज सात गाड्या कोकनात सोडायचो मी."

"ठावं हाय," काकू म्हणाल्या.

बस, एवढंच. त्या घरात दरवर्षी बायकोसह फुकट फिरायचा पास यायचा आणि दरवर्षी तो तसाच वाया जायचा, हे मला काकूंनी नंतर सांगितलं. सुट्ट्यांच्या दिवसांत स्टँडवर गर्दी, गर्दीत कंट्रोलर रजेवर जाणार कसा? आमच्या गावातून ताम्हिणीचा घाट उतरला की कोकण. काकूंनी समुद्र बघितलेला नव्हता. सांगताना त्यांच्या बोलण्यात तक्रार नव्हती. आज भेंडी नाही मिळाली म्हणून गवार केली, तसं त्या सांगत होत्या.

सोमवारी सकाळी मी गाडीत बसले. काका खुर्चीतून उठून उभे राहिले. त्यांनी घसा साफ केला.

"प्रवाशांनी कृपया लक्ष द्यावे. फलाट क्रमांक तीनवरून सुटणारी नांदे-हिंजवडी ही गाडी अकरा दिवस विलंबाने सुटत आहे. सदर विलंब हा पूर्णपणे नियंत्रकाच्या चुकीमुळे झालेला असून, प्रवाशांना झालेल्या मनस्तापाबद्दल नियंत्रक…" इथं ते अडखळले. घोषणा देताना अडखळण्याची त्यांना सवय नव्हती. पुढचं त्यांनी घरच्या मराठीत पुरं केलं. "लवळ्याला जाऊ नगा, तीन नंबर."

मी "नाही जात" म्हणाले. ते त्यांना ऐकू गेलं की नाही माहीत नाही, कारण तोवर मी गाडी चालू केली होती.

भिंतीवरचा अर्ज त्याच दिवशी निघाला. पण एवढ्यावर गप्प बसतील तर ते काका कसले. त्यांनी दुसरा अर्ज लिहिला आणि शनिवारी मला बरोबर घेऊन बँकेत गेले. खिडकीतल्या तरुण अधिकारी बाईंनी तो वाचला. "माझ्या दिनांक अमुकच्या अर्जातील 'कोणतीही व्यक्ती गेम खेळत नाही' हे विधान चुकीचे आहे. सदर गाडी माझी पत्नी चालवीत होती. तसेच भाडेकरूंबाबत खात्रीने सांगता येते."

बाई हसू आवरत म्हणाल्या, "काका, कपात बंद झालीय. आता या अर्जाची काही गरज नाही."

"गरज न्हाई कशी? पयला तितं खोटा पडून ऱ्हाईल की."

बाईंनी शिक्का मारला आणि प्रत परत दिली. ती प्रत काकांनी भिंतीवर लावली नाही. घडी करून माझ्या हातात दिली. माझ्याकडं अजून आहे.

त्यानंतर गेमचे पैसे पुन्हा सुरू झाले, पण रीतसर. काकांनी काकूंना समोर बसवून माझ्याकडून सगळा इंग्रजी मजकूर मराठीत वाचून घेतला. पैसे किती, कधी, बंद कसे करायचे. मग म्हणाले, "आता इचारलं. आता हो म्हनतो." पिन त्यांनी आदल्या दिवशीच बदलून घेतला होता. नवा पिन टाकताना तोही मोठ्यानं म्हणाले. दर पाच तारखेला फोनवर संदेश आला की ओट्यावरून जाहीर व्हायचं, "पाच तारखेची गाडी सुटलेली आहे." गल्लीला वाटायचं, म्हाताऱ्याला भ्रम झालाय.

दुपारची झोप त्यांनी अर्ध्यावर आणली. अडीच वाजता ते पाटाशेजारी दुसरा पाट टाकून बसायचे आणि काकूंच्या चालवण्यात चुका काढायचे. "थांबा न घेता गेलीस. म्हातारी हुबी व्हती तितं." काकू म्हणायच्या, "ती खोटी हाय वो." "खोटी आसली म्हून काय झालं? हुबी व्हती न्हवं?" मग काकू गाडी मागं घ्यायच्या.

एक दिवस, माझ्यासमोरच, काकांनी जाहीर केलं, "चल, तुला खरा समुद्र दावतो. पास हाय अजून आपल्याला. खिडकीची जागा मिळवून देतो."

त्यांना वाटलं होतं, काकू खूश होतील. मलाही तसंच वाटलं होतं. काकू गव्हातले खडे वेचत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "बसून न्हाई जायाचं मला."

"मंग?"

"चालवायची हाय."

काका हसले. मग हसायचे थांबले. काकू हसत नव्हत्या. साठी ओलांडलेली, आयुष्यात सायकलवर न बसलेली बाई खडे वेचत शांतपणे सांगत होती. काकांनी माझ्याकडं बघितलं आणि थोड्या वेळानं, चहा मागावा तसं विचारलं, "तीन नंबर, तुमच्या गाडीवर शिकता येतं का कुनाला?"

माझी गाडी जुनी होती, आधीच दोघांकडून वापरून माझ्याकडं आलेली. तिला काय होणार होतं? शिकाऊ लायसन्स निघायला पावसाळा सरला. पण मला नांद्याच्या रस्त्यावर, टँकर आणि ऑफिसच्या बसच्या गर्दीत त्यांना बसवायचा धीर होईना. म्हणून एका शनिवारी सकाळी आम्ही तिघं पिरंगुटवरून मुठ्याला आणि तिथून टेमघरचा घाट चढून लवासाला गेलो. तिथं रस्ते रुंद आणि माणसं कमी. घाटात काकू माझ्या शेजारी बसल्या होत्या आणि प्रत्येक वळणाला त्यांचा उजवा पाय खाली दाबला जात होता. काका मागून सांगत होते, "अजून न्हाई. वळान संपू दे. आता."

तळ्याच्या वरच्या अंगाला एका अर्धवट इमारतीसमोर गाड्या लावायची मोठी फरसबंद जागा होती. गाडी एकही नव्हती. फटींतून गवत आलं होतं. खुर्चीवर बसलेल्या रखवालदाराला मी विचारलं. तो म्हणाला, "चलाओ मॅडम, यहाँ कौन आता है." आणि बघायला खुर्ची वळवून बसला.

काकू चालकाच्या जागेवर बसल्या. नऊवारीचा काष्टा सावरला. पाय पोचेनात, तेव्हा मी सीट पुढं ओढून दिली. क्लच, ब्रेक, गिअर सगळं दाखवलं. फोनमध्ये दोनच बटणं होती, इथं तीन पायडल आणि पाय दोनच, यावर त्यांनी नाराजी दाखवली. काका बाहेर, सावलीत उभे होते. हात मागं बांधलेले.

पहिल्यांदा गाडी दचकून बंद पडली. दुसऱ्यांदा पडली. तिसऱ्यांदा ती दोन हात गेली आणि बंद पडली. रखवालदार टाळी वाजवणार होता, त्यानं हात खाली घेतले. काकूंच्या वरच्या ओठावर घाम आला होता. मी म्हटलं, थोडं थांबू. त्या "न्हाई" म्हणाल्या. चौथ्या वेळी क्लच हळू सुटला आणि गाडी चालायला लागली. माणसाच्या चालीनं. त्या जागेची एक पूर्ण फेरी काकूंनी काढली. स्टिअरिंग इतकं घट्ट धरलं होतं की बांगड्या मनगटात रुतल्या होत्या. फेरी पुरी करून त्यांनी गाडी काकांच्या समोर आणली आणि ब्रेक मारला. गाडी पुन्हा बंद पडली, पण यावेळी त्यांना हवी तिथं.

काका वाकून खिडकीशी आले. "कशी काय?"

"जड हाय," काकू म्हणाल्या. "फोनातली हलकी हाय. ही बरी हाय." मग मागच्या दाराकडं मान केली. "बसा की."

 काका दार उघडून मागं बसले, बरोबर काकूंच्या पाठीमागं. दोन्ही हातांनी पुढच्या सीटची पाठ घट्ट धरली. काकूंनी किल्ली फिरवली, क्लच सोडायला सुरुवात केली आणि मधेच थांबल्या.

"अवो, शीट सोडा. माजी मान हालतीया."

काकांनी सीट सोडली. हातांचं काय करावं हे त्यांना थोडा वेळ कळेना. मग ते त्यांनी मांडीवर ठेवले. गाडी हलली. यावेळी काकूंनी फेरी न घेता फरसबंदी सोडली आणि ती तळ्याकडं उतरणाऱ्या रिकाम्या रस्त्याला लावली. शेजारच्या सीटवरून मी हँडब्रेककडं हात नेला होता, तो मागं घेतला. मागं काका खिडकीतून पाण्याकडं बघत होते.